भल्या पालकाची अडचण

मूकपटांच्या जमान्यात एक गोष्ट पडद्यावर पुन्हा पुन्हा आली. आईबाप वारलेली मुलगी. तिच्या नावावर इस्टेट. वडिलांच्या मृत्युपत्रात अट, की ती सज्ञान होईपर्यंत सगळा कारभार अमुक गृहस्थांनी पाहावा आणि त्याआधी लग्न करायचे झाल्यास त्यांच्या संमतीने करावे. मुलगी प्रेमात पडते ती नेमकी त्या गृहस्थांना न चालणाऱ्या माणसाच्या. गृहस्थ नाही म्हणतात आणि उरलेली रिळे त्या नकाराभोवती फिरत राहतात.

यातले आज पाहायला फारसे मिळत नाही. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार १९१२ ते १९२९ या काळात तिथे तयार झालेल्या जवळजवळ ११,००० मोठ्या मूकपटांपैकी मूळ रूपात टिकलेत ते जेमतेम १४ टक्के. बाकीच्यांची आठवण उरली आहे ती त्या काळच्या व्यापारी मासिकांत छापलेल्या कथासारांपुरती. ही कथासारे एकापाठोपाठ एक वाचली की शेवटांचा साचा ध्यानात येतो. पालक लबाड निघतो, त्याने इस्टेट परस्पर गिळलेली असते. किंवा तो ऐन वेळी मरतो आणि सुंठेवाचून खोकला जातो. किंवा माळ्यावरच्या पेटीत दुसरे मृत्युपत्र सापडते. किंवा ज्याला भणंग समजून हाकलले तो तरुणच बड्या घरचा वारस ठरतो आणि पालकाची हरकत आपोआप विरघळते.

या सगळ्या शेवटांत एक गोष्ट सारखी आहे. पालक हटतो, पालकाचे मन पालटते, पालक तोंडघशी पडतो. पण त्याच्या हाती असलेल्या अधिकाराला कुणी हात लावत नाही. एका माणसाने कुणावर प्रेम करावे यावर दुसऱ्याची सही का लागावी, हे ती गोष्ट विचारतच नाही. सही चुकीच्या माणसाच्या हातात पडली, एवढीच तिची तक्रार.

मला वाटते, शंभर वर्षे उलटली तरी आपली चर्चा याच ठिकाणी अडकली आहे. प्रेमाच्या आड येणारा पालक खलनायक असला की सगळे प्रेमिकांच्या बाजूने. पण तो खलनायक नसेल तर? मनापासून काळजी करणारा, व्यवहार कळणारा, मुलीचे चार पैसे जपणारा असेल तर? तिथे भलेभले पुरोगामी लोकही चाचरतात. खरा प्रश्न तिथूनच सुरू होतो आणि माझे उत्तर असे, की पालकत्व सांभाळण्यासाठी असते, परवानगी देण्यासाठी नाही. सज्ञान माणसाच्या बाबतीत तर अजिबात नाही, मग पालक देवमाणूस का असेना.

या साच्यातली सगळ्यात गोड आवृत्ती म्हणजे १९१९ सालचा 'डॅडी लाँग लेग्ज', मेरी पिकफर्ड या नटीचा. जीन वेबस्टर यांच्या १९१२ च्या कादंबरीवरून तो घेतला होता. अनाथाश्रमातल्या जूडीच्या कॉलेजचा खर्च आश्रमाचा एक विश्वस्त नाव न सांगता उचलतो. ती त्याला पत्रे लिहीत राहते. दरम्यान जर्व्हिस नावाच्या श्रीमंत माणसाशी तिची ओळख होते, प्रेम जमते आणि शेवटी कळते की जर्व्हिस आणि तो अनामिक उपकारकर्ता एकच. कायद्याने हा तिचा पालक नाही, पण फी भरणाऱ्याचा शब्द मोडता येत नसतो.

मूळ कादंबरीत एक बारीकशी जागा आहे. सुट्टीत मैत्रिणीच्या घरच्यांकडून जूडीला आमंत्रण येते. त्या घरात मैत्रिणीचा भाऊ आहे, कॉलेजात शिकणारा, मोकळाढाकळा, जूडीशी छान जमणारा. उपकारकर्ता सेक्रेटरीकरवी कळवतो की तिथे जाऊ नये, नेहमीच्या शेतावर जावे. जूडी चिडते, पत्रातून भांडते आणि शेवटी शेतावर जाते. वाचकाला पुढे उलगडते की हा आदेश ज्याने काढला त्याला स्वतःलाच ती हवी होती. आता हा माणूस दुष्ट आहे का? मुळीच नाही. लेखिकेला तो आवडतो, वाचकालाही आवडतो. तरी हातात असलेला अधिकार त्याने प्रतिस्पर्ध्याला दूर ठेवायला वापरला आणि जिच्या आयुष्यात ही ढवळाढवळ झाली तिला त्याचे कारण कळलेसुद्धा नाही. भल्या पालकाची अडचण हीच आहे. त्याचा स्वार्थ त्याला स्वतःलाही काळजीसारखा दिसतो.

मूकपटाच्या माध्यमाने या गोष्टीला नकळत एक धार आणली होती. मूकपटात कायदा येतो तो कागदाच्या रूपाने. नाट्य थांबते, पडदाभर मृत्युपत्राचा मजकूर दिसतो आणि सावकाश वाचणाऱ्यालाही पुरेल इतका वेळ तो तिथेच राहतो. मुलगी मात्र बोलते तेव्हा फक्त ओठ हलतात. त्यातले कुठले वाक्य पडद्यावर लिखित पाटीच्या रूपाने यायचे ते पाट्या लिहिणारा ठरवतो. अज्ञान, म्हणजे कायद्याने वयात न आलेल्या, व्यक्तीची कोर्टातली स्थिती याहून फार वेगळी नसते. तिला स्वतःच्या नावाने एकटीने दावा लावता येत नाही, तिच्या वतीने कुणीतरी मोठ्या माणसाने उभे राहावे लागते. वयाने लहान असलेल्यांपुरते ते ठीकच आहे. पण पडद्यावरची ही मुलगी बहुधा लहान नसते. वीस वर्षांची, स्वतःचे बरेवाईट कळणारी नायिका शब्दाविना तळमळताना दिसते आणि तिच्या चेहऱ्यावर कॅमेरा रेंगाळतो, तेव्हा प्रेक्षक आपसूक तिच्या बाजूला जातो. कथेने जे विचारले नाही ते त्या चेहऱ्याने विचारले, असे म्हणायला जागा आहे.

गंमत अशी, की हे पाहणारा प्रेक्षकही पालकत्वाखालीच होता. १९१५ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ओहायो राज्याच्या सेन्सॉरविरुद्धच्या खटल्यात ठरवले, की चित्रपट हा निव्वळ धंदा आहे, अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे संरक्षण त्याला मिळणार नाही. लोकांनी काय पाहावे ते राज्याने नेमलेली मंडळे ठरवत राहिली. हा निकाल फिरायला १९५२ साल उजाडले. आणि पडद्यावर अनाथ पोराच्या ताटातुटीने जगाला रडवणारा बालकलाकार जॅकी कूगन? त्याने लहानपणी कमावलेले लाखो डॉलर आई आणि सावत्र बापाने उडवले. १९३८ साली त्याने दावा लावला तेव्हा कळले की कॅलिफोर्नियाच्या कायद्याने अज्ञान मुलाची कमाई आईबापांचीच. कुंपणच शेत खात होते आणि शेत कायद्याने कुंपणाच्या नावावर होते. पुढच्याच वर्षी बालकलाकारांच्या कमाईचा काही हिस्सा बाजूला ठेवण्याचा कायदा झाला आणि तो त्याच्याच नावाने ओळखला जातो.

पडद्यावरचा हा पालक पटकथाकाराच्या डोक्यातून निघाला नव्हता. इंग्लंडमध्ये १७५३ च्या हार्डविक कायद्याने २१ वर्षांखालील मुलामुलींच्या लग्नाला बाप किंवा पालकाची संमती लागू लागली. न्यायालयाच्या ताब्यातल्या वारस मुलीशी परस्पर लग्न लावणे हा तर न्यायालयाचा अवमान. स्कॉटलंडमध्ये हा कायदा लागू नव्हता, म्हणून सीमेवरच्या ग्रेटना ग्रीन गावात पळून आलेल्या जोडप्यांची रीघ लागली. लग्नांवरचा हा पहारा जेवढा प्रेमाचा तेवढाच, किंबहुना जास्त, जमिनीजुमल्याचा होता. ज्या मुलीच्या नावावर काही नाही तिच्या पालकाची संमती शोधत कोण फिरणार?

फ्रान्सची तऱ्हा अधिक विचार करण्याजोगी आहे. १८०४ च्या नेपोलियनच्या संहितेनुसार मुलाला २५ आणि मुलीला २१ वर्षांपर्यंत आईबापांची संमती हवी. बापाचे आणि आईचे मत वेगळे पडले तर बापाचे पुरे. पण त्या वयानंतरही मुले पूर्ण मोकळी होत नसत. त्यांनी आईबापांचा सल्ला रीतसर मागायचा. या मागणीला नावच 'आदराची विनंती' असे होते. ती नोटरीमार्फत पोचवायची, दोन नोटरी किंवा एक नोटरी आणि दोन साक्षीदार घरी जायचे आणि मिळालेले उत्तर कागदावर नोंदवायचे. नकार आला तर महिन्याने पुन्हा जायचे, त्यानंतर महिन्याने तिसऱ्यांदा. तिसऱ्या नकारानंतर आणखी महिना गेला की लग्न करायची मुभा. मुलगा तिशीला आणि मुलगी पंचविशीला पोचली की एकच विनंती पुरे.

ते दृश्य डोळ्यांसमोर आणून पाहा. बाप दिवाणखान्यात बसला आहे, मुलगा समोर नाही, काळ्या कोटातले दोघे तिघे परके गृहस्थ त्याला अदबीने विचारताहेत की आपल्या चिरंजीवांच्या विवाहाबद्दल आपला काय सल्ला आहे. बाप म्हणतो नाही. ते लिहून घेतात आणि पुढच्या महिन्यात परत येतात. हास्यास्पद आहे, अपमानास्पदही आहे. तरी या पद्धतीत एक शहाणपण होते. नकाराला मुदत होती. बापाला बोलायची, समजवायची, लांबणीवर टाकायची संधी होती, अडवायची नव्हती. काळजी आणि बंदी यांत फरक करता येतो हे कायद्याला तेव्हाही उमगले होते. मात्र ही अदब नंतर अडवणुकीचेच साधन बनली, नोटरीचा खर्च गरिबांना झेपेना आणि शतकाच्या अखेरीपासून या विनंत्या कमी करत आणाव्या लागल्या.

सर्वांत बोलका दाखला स्वीडनचा. तिथल्या १७३४ च्या संहितेनुसार अविवाहित स्त्री कितीही वयाची झाली तरी बाप, भाऊ किंवा जवळच्या पुरुष नातेवाइकाच्या पालकत्वाखाली राही. सुटका दोनच प्रकारे. विधवा व्हावे किंवा राजाकडे अर्ज करावा. फ्रेडरिका ब्रेमर ही लेखिका चाळिशीच्या उंबरठ्यावर होती, पुस्तके लिहून नाव कमावून बसली होती, तरी तिच्या पैशांचा मालक होता तिचा भाऊ. तिने राजाकडे अर्ज करून १८४० मध्ये सुटका मिळवली. १८५६ साली तिने 'हेर्था' ही कादंबरी लिहिली, सज्ञान मुलींच्या याच बंदिवासावर. देशभर वाद पेटला आणि १८५८ मध्ये कायदा आला, की २५ वर्षे पूर्ण केलेल्या अविवाहित स्त्रीने न्यायालयात अर्ज केला तर तिला सज्ञान मानावे. पाच वर्षांनी अर्जाचीही गरज उरली नाही.

यात एक मेख होती. अशा रीतीने मोकळी झालेली स्त्री लग्न करताच पुन्हा पालकत्वाखाली जायची, या खेपेला नवऱ्याच्या. म्हणजे स्वातंत्र्य हवे तर प्रेम नको आणि प्रेम हवे तर स्वातंत्र्य सोडा. विवाहित स्त्रीला पूर्ण सज्ञानता देणारी विवाहसंहिता अमलात आली १ जानेवारी १९२१ रोजी. योगायोग असा, की व्हिक्टर श्योस्त्रम यांचा 'कोर्कार्लेन' हा स्वीडिश मूकपट, ज्यात दारुड्या नवऱ्याच्या हाती सापडलेल्या बायकोची फरफट आहे, नेमका त्याच दिवशी पहिल्यांदा दाखवला गेला.

स्वीडनच्या या गोष्टीत भाऊ वाईट असलाच पाहिजे असे नाही. हजारो भावांनी बहिणींचा पैसा प्रामाणिकपणे सांभाळला असेल. त्याने कायदा चांगला ठरत नाही. प्रामाणिक भावाच्या बहिणीलाही आपले आयुष्य भावाच्या मर्जीने मिळत होते आणि मर्जी कितीही प्रेमळ असली तरी ती फिरू शकते, हे तिला रोज ठाऊक असे.

आता आजच्या काळात येऊ. २०१७ च्या मे महिन्यात केरळ उच्च न्यायालयाने वडिलांनी दाखल केलेल्या हेबियस कॉर्पस याचिकेवर (डांबलेल्या माणसाला कोर्टासमोर आणा, अशी मागणी करणारी ही याचिका) एका २४ वर्षांच्या, वैद्यकीय शिक्षण घेतलेल्या स्त्रीचे लग्नच रद्द ठरवले. तिने धर्म बदलला होता आणि त्या धर्मातल्या माणसाशी लग्न केले होते. निकालाचा सूर असा, की या वयाची मुलगी दुबळी असते, तिचा गैरफायदा घेतला जाऊ शकतो आणि आयुष्यातला सर्वांत महत्त्वाचा निर्णय आईबापांच्या सक्रिय सहभागानेच व्हायला हवा. राज्य हे असहायांचे पालक असते, या जुन्या तत्त्वाचा आधार घेण्यात आला. पुढचे सहा महिने ती वडिलांच्या घरी, पहाऱ्यात. नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने तिला समोर बोलावून ऐकले, तेव्हा तिने स्वातंत्र्य मागितले. ८ मार्च २०१८ रोजी उच्च न्यायालयाचा निकाल रद्द झाला.

त्या वडिलांना खलनायक ठरवणे सोपे आहे आणि अनेकांनी ते केले. मला ते पटत नाही. त्यांची भीती खोटी नव्हती. आपली मुलगी फसवली गेली आहे, देशाबाहेर नेली जाईल, असे त्यांना मनापासून वाटत होते. समजा, त्यांची भीती अगदी रास्त होती. तरीही लग्न रद्द करण्याचा अधिकार कुठून आला? वडिलांची काळजी हा वडिलांच्या मनातला पुरावा आहे. त्यावरून मुलीची समज कमी ठरत नाही. तिला डांबले असेल तर सोडवा, धमकावले असेल तर गुन्हा नोंदवा. ती कोर्टात उभी राहून 'मी माझ्या मर्जीने आले' म्हणते तिथे हेबियस कॉर्पसचे काम संपते. २०१८ च्याच जानेवारीत आणखी एका प्रकरणात, जिथे आईला आपल्या सज्ञान मुलीचा ताबा हवा होता, सर्वोच्च न्यायालयाने न्यायालयांनी महापालक बनू नये असे बजावले होते. केरळच्या त्या स्त्रीच्या सुनावणीतला एक प्रसंग तर स्वीडनच्या मेखेची आठवण करून देणारा आहे. तुझा स्थानिक पालक कोण, असा प्रश्न आला तेव्हा तिने नवऱ्याचे नाव घेतले आणि खंडपीठाकडून उत्तर आले की नवरा बायकोचा पालक नसतो.

कायद्यात नसलेले पालकत्व मागल्या दाराने कसे येते याचा नमुना म्हणजे १९५४ चा विशेष विवाह कायदा. लग्न करू इच्छिणाऱ्यांनी नोटीस द्यायची, ती कार्यालयात ठळक जागी लावायची आणि ३० दिवस थांबायचे. हरकत घेता येते ती ठरावीक कारणांवर: आधीचा जोडीदार हयात आहे, वय बसत नाही, नाते निषिद्ध आहे, वगैरे. 'आम्हाला पसंत नाही' हे कारण त्यात नाही. पण त्या ३० दिवसांत नोटीस घरी पोचते आणि पुढचे काम घर करते. फ्रान्समध्ये निदान बापाला विचारायला नोटरी जायचे आणि मुदत संपली की रस्ता मोकळा व्हायचा. इथे कुणी विचारत नाही, फक्त पत्ता कळतो.

आणि अमेरिकन पॉप गायिका ब्रिटनी स्पिअर्स. २००८ साली कॅलिफोर्नियातल्या न्यायालयाने तिला स्वतःचे व्यवहार सांभाळायला असमर्थ ठरवून वडिलांच्या हाती कारभार दिला. त्यानंतरच्या १३ वर्षांत तिने अल्बम काढले, लास व्हेगासमध्ये वर्षानुवर्षे कार्यक्रम केले, त्या कमाईवर वकील आणि कारभारी पोसले गेले. जून २०२१ मध्ये तिने न्यायालयाला सांगितले की मला लग्न करायचे आहे, मूल हवे आहे आणि या व्यवस्थेत ते करता येत नाही. हजारो प्रेक्षकांसमोर नाचण्याइतकी सक्षम, पण नवरा निवडण्याइतकी नाही. नोव्हेंबरात ती व्यवस्था संपुष्टात आली. जगभर वडिलांना शिव्या पडल्या. वडील प्रामाणिक असते, पै न पैचा हिशेब चोख असता, तर लोकांनी काय म्हटले असते? मला शंका आहे की फारसे काही म्हटले नसते.

संमतीचा अधिकार पालकाकडे असला की तो फक्त अडवण्यासाठी वापरला जातो असेही नाही. तो देऊन टाकण्यासाठीही वापरला जातो आणि ही बाजू मूकपटांतल्या प्रेमकथांमध्ये झाकली गेली. इंग्लंड आणि वेल्समध्ये १६ आणि १७ वर्षांच्या मुलांना आईबापांच्या संमतीने लग्न करता येत असे. ही तरतूद मुलांच्या संरक्षणाची समजली जाई. प्रत्यक्षात सक्तीच्या लग्नांसाठी तीच वाट झाली, कारण जबरदस्ती करणारे आणि संमतीची सही करणारे हात एकच होते. २०२३ च्या फेब्रुवारीपासून तिथे १८ वर्षांखाली लग्नच नाही, कुणाच्याही संमतीने नाही. अमेरिकेत असा बिनअपवाद नियम करणारे पहिले राज्य डेलावेअर, तेही २०१८ मध्ये. सौदी अरेबियाने २०१९ मध्ये सज्ञान स्त्रियांना स्वतः पासपोर्ट काढायची मोकळीक दिली. २०२२ च्या व्यक्तिगत कायद्यात मात्र स्त्रीच्या विवाहाचा करार करायला पुरुष पालक लागतो तो लागतोच. म्हणजे विमानात एकटीने बसता येईल.

लहान मुलांना पालक हवाच. याबद्दल वाद नाही. त्यांच्या लग्नाला पालकाची संमती नको याचा अर्थ ते लग्न होऊच नये. सज्ञानांच्या लग्नाला संमती नको याचा अर्थ ते त्यांचे त्यांनी ठरवावे. मधल्या जागेत सहीला काम उरत नाही.

अवघड आहे ते पुढचे. बौद्धिक अपंगत्व असलेली तरुण व्यक्ती, स्मृतिभ्रंश झालेले म्हातारे गृहस्थ, यांचे काय? इथे 'प्रेम आंधळे असते' वगैरे बोलून भागत नाही. जर्मनीने १९९२ साली सज्ञानांवरचे जुने पालकत्व मोडीत काढून मदतनिसाची पद्धत आणली. गरज असेल तर न्यायालय असा आदेश देऊ शकते की या व्यक्तीने पैशाचा अमुक व्यवहार मदतनिसाच्या संमतीशिवाय करू नये. पण दोन गोष्टींना ती संमतीची अट लावताच येत नाही, असे कायद्यातच लिहिले: विवाह आणि मृत्युपत्र. व्यक्तीला त्या वेळी समज आहे की नाही हे पाहता येईल, पण समज असेल तर मदतनिसाचा होकार-नकार गैरलागू. पालकत्वाचे कुंपण नेमके कुठवर घालायचे, याचे इतके साफ उत्तर मला दुसरीकडे क्वचित दिसले आहे.

याची खरी कसोटी लागली इंग्लंडमध्ये, २००४ च्या शेफील्डच्या खटल्यात. २१ वर्षांची तरुणी, जन्मापासून मेंदू आणि कण्याच्या विकाराने अपंग. तिची समज १३ वर्षांच्या मुलीएवढी आहे असे नगरपालिकेचे म्हणणे. तिला लग्न करायचे होते ३७ वर्षांच्या माणसाशी आणि त्याच्या नावावर लैंगिक अत्याचाराच्या गंभीर गुन्ह्यांचा इतिहास होता. नगरपालिकेने न्यायालयाला सांगितले की या माणसाशी लग्न करणे तिच्या हिताचे नाही, ते थांबवा. यातली नगरपालिका म्हणजे भल्यातला भला पालक. स्वार्थ शून्य, भीती शंभर टक्के खरी. मूकपटातला कुठलाही प्रेक्षक इथे पालकाच्या बाजूने उभा राहिला असता.

न्यायमूर्ती मन्बी यांनी तो मार्ग नाकारला. लग्न म्हणजे काय आणि त्याने कुठल्या जबाबदाऱ्या येतात हे तिला कळते का, एवढेच न्यायालय तपासेल. या विशिष्ट माणसाशी लग्न करणे शहाणपणाचे आहे का, तिच्या हिताचे आहे का, हे ठरवायचा अधिकारच न्यायालयाला नाही. निकाल पहिल्यांदा वाचताना अंगावर काटा येतो हे मान्य. पण उलट नियम लावून पाहा. 'हिताचे आहे का' हा प्रश्न एकदा दाखल झाला की तो याच बाईपाशी थांबणार नाही. कमी शिकलेली, मनाने हळवी, नुकती आजारातून उठलेली, परधर्मात जाऊ पाहणारी, अशी प्रत्येक जण त्या प्रश्नाच्या टप्प्यात येते. केरळच्या २०१७ च्या निकालात नेमका हाच प्रश्न एका शिकलेल्या, सक्षम स्त्रीला विचारला गेला होता. शिवाय तो माणूस धोकादायक असेल तर त्याला आवर घालायला फौजदारी कायदा आहे, संरक्षणाचे आदेश आहेत, समाजसेवकांच्या भेटी आहेत. हे सगळे उपाय धोका देणाऱ्याला बांधतात. लग्नाला बंदी घातली की धोक्यात असलेलीच बांधली जाते.

म्हाताऱ्यांच्या बाबतीत तर खरा रोग वेगळ्याच ठिकाणी आहे. इंग्लंड आणि वेल्समध्ये १८३७ पासूनचा नियम असा, की लग्न केले की आधीचे मृत्युपत्र आपोआप रद्द होते. एखाद्या एकट्या, विसराळू झालेल्या वृद्धाशी कुणी घाईने लग्न लावले, की मुलांसाठी लिहिलेले मृत्युपत्र बाद आणि नव्या जोडीदाराला वारसा मोकळा. अशी प्रकरणे बाहेर आली, मुलांनी टाहो फोडला आणि मागणी सुरू झाली की वृद्धांच्या लग्नांवर नजर ठेवा, घरच्यांना आधी कळवा, संमती घ्या. म्हणजे पुन्हा पालक, या वेळी मुलेच बापाचे पालक आणि तेच त्याचे वारसही. मे २०२५ मध्ये तिथल्या लॉ कमिशनने, म्हणजे कायद्यात सुधारणा सुचवणाऱ्या आयोगाने, वेगळी शिफारस केली: लग्नाने मृत्युपत्र रद्द होण्याचा नियमच काढून टाका. म्हाताऱ्याला हवे तर करू दे लग्न, इस्टेट त्याने लिहून ठेवली तशी जाईल. मुलांना त्याच्या लग्नाची जी काळजी वाटत होती तिच्यातली किती त्यानंतर उरते, ते तेव्हाच कळेल.